लुगड्याची लांबी आणि दिवसाची लांबी

वर्षातून तीनदा हा वाद हमखास उगवतो. मार्चात महिला दिनाला, पाडव्याच्या शोभायात्रेला आणि नवरात्रात, नऊ दिवसांच्या नऊ रंगांचे फोटो फिरू लागले की. वक्तृत्व स्पर्धेचा विषय ठरलेला असतो: ‘आजची स्त्री आणि आपली संस्कृती’. एक बाजू म्हणते, बाई टिकली विसरली, जोडवी डब्यात गेली, स्वयंपाकघर हॉटेलवाल्याच्या ताब्यात गेलं. दुसरी म्हणते, बाई जीन्स घालते, स्कूटी चालवते, कमावते, म्हणजे मोकळी झाली. टाळ्या दोन्हींकडे पडतात. गंमत अशी की दोघांच्याही हातात टेप एकच असते, शिंप्याची. कापड किती, कुठवर, कसं नेसलेलं. नऊ वार, सहा वार, की वारच नाही.

माझं म्हणणं असं की लुगड्याची लांबी मोजून काही हाती लागत नाही, दिवसाची लांबी मोजावी लागते. पहाटे डोळा किती वाजता उघडला, रात्री पाठ किती वाजता टेकली, मधल्या तासांतले किती तिच्या मर्जीचे, किती पैशाचे, किती फुकटचे; आणि आलेला पैसा, घर, जमीन कोणाच्या नावावर. हा हिशेब मांडल्याशिवाय संस्कृती टिकली म्हणणारा आणि संस्कृती सुटली म्हणणारा, दोघंही हवेत बोलतात.

उदाहरणाला सोलापूरच घेऊ, कारण दोन्ही बाजूंच्या आवडत्या घोषणा या शहरात केव्हाच तपासून झाल्या आहेत. ‘बाई कमावती झाली की तिचं स्थान बदलतं’ ही एक. ‘बाई घरात राहिली की घर नीट राहतं’ ही दुसरी. शहराच्या पूर्वभागात आणि त्यापलीकडे विडी घरकुल या वसाहतीपर्यंत पन्नास हजारांहून जास्त बायका विड्या वळतात. पद्मशाली तेलुगू घरांतल्या आहेत, मराठी, कन्नड, उर्दू बोलणाऱ्याही आहेत. आजी, आई, लेक, सून अशा पिढ्यांमागून पिढ्या. ही बाई कमावतीही आहे आणि घरातही आहे. मग पहिल्या घोषणेप्रमाणे तिच्या शब्दाला घरात वजन यायला हवं होतं, आणि दुसरीप्रमाणे तिच्या घरात निवांतपणा नांदायला हवा होता. दोन्हींपैकी काय झालं? फार थोडं. का झालं नाही, ते हजार विड्यांचं काम जवळून पाहिलं की कळतं.

कारखान्यातून पान, तंबाखू आणि दोरा मिळतो. १,००० विड्यांना साधारण ६००-७०० ग्रॅम तेंदूपान, २००-२५० ग्रॅम तंबाखू. पानांचे पुडे सोडायचे, पाण्यात बुचकळायचे, निथळून ओल्या गोणपाटात रात्रभर गुंडाळून ठेवायचे. पाणी कमी पडलं तर सकाळी पान वळताना तडकतं. जास्त झालं तर तंबाखू ओल धरते आणि विडी काळी पडते. सकाळी पत्र्याचा साचा पानावर ठेवून कात्रीने तुकडे कापायचे, जाड शिरा टाळून. मांडीवर सूप, सुपात कापलेली पानं नि तंबाखू. चिमूट भरायची, वळायची, वरचं तोंड नखाने आत मुडपायचं, खाली दोरा बांधायचा. २५ विड्यांचा एक कट्टा, असे ४० कट्टे. सराईत हाताला याला दहाएक तास लागतात. दहा तासांचे सेकंद ३६,०००. म्हणजे एका विडीला ३६ सेकंद, पान कापण्यापासून दोरा बांधेपर्यंत. मूल रडलं, दूधवाला आला, कुकरने शिट्टी दिली, तर ते सेकंद यातूनच काढायचे. मग कारखान्यात माल तपासला जातो. सैल, तडकलेली, आखूड विडी ‘छाट’ म्हणून बाजूला पडते आणि तिचे पैसे बुडतात. या छाटीवर नियमाने पाच टक्क्यांची मर्यादा आहे. नियम तंतोतंत पाळला गेला तरी ५० विड्या, म्हणजे बरोबर अर्धा तास, फुकट. पान भोकाचं, किडकं निघालं तर हजार पुरे होत नाहीत आणि कमी पडलेलं पान बाई पदरमोड करून बाजारातून आणते. पदरमोड हा शब्द मराठीने बाईच्या कपड्यावरूनच घ्यावा, यात बरंच काही आलं.

पुन्हा हे काम एकटीचं नसतंच. विडी कामगाराचं कार्ड एकीच्या नावावर असतं, हात तिघींचे. शाळेतून आलेली मुलगी दोरा बांधते, म्हातारी सासू पानं कापते. हजाराची मजुरी एकीच्या नावे, भविष्यनिर्वाह निधी एकीच्या नावे, बाकी दोघींचं काम ‘घरात बसल्या बसल्या हातभार’ या सदरात. आणि त्याच जागेवर, त्याच मांडीवर, त्याच दिवशी स्वयंपाक, धुणं, भांडी. सोलापूरची बाई ‘घर की करिअर’ या प्रश्नाला हसेल. तिने दोन्ही एका सुपात ठेवलं आहे.

आता सोलापूरच्या दुसऱ्या चेहऱ्याकडे, गिरण्यांकडे वळू. १८७७ची जुनी गिरणी, मग नरसिंग गिरजी, लक्ष्मी, विष्णू, जाम. शहराचा दिवस गिरणीच्या भोंग्यावर चालायचा. भोंगा झाला की पाळी सुरू, भोंगा झाला की पाळी संपली. गिरण्यांत बायकाही होत्या, आणि त्यांच्या दिवसाला निदान दोन टोकं होती. ती टोकं आपोआप आली नव्हती. १८९० साली मुंबईत नारायण मेघाजी लोखंडे यांनी गिरणी कामगारांची मोठी सभा भरवली, तिथे दोन कामगार बायका बोलायला उभ्या राहिल्या होत्या. रविवारची सुट्टी त्या चळवळीतून आली. पुढच्याच वर्षी, १८९१ साली, हिंदुस्थानात बायकांविषयी दोन कायदे झाले. एक संमतिवयाचा. मुलीचं संमतिवय दहावरून बारा करायचं की नाही, यावर महाराष्ट्र दुभंगला. टिळक एका बाजूला, आगरकर-रानडे-भांडारकर दुसऱ्या बाजूला, धर्म बुडतो की तरतो याची चर्चा महिनोन्‌महिने. दुसरा कारखान्यांचा, ज्याने बाईच्या कामाचे तास दिवसाला अकरावर बांधले. पहिल्याची आठवण शाळेच्या पुस्तकात आहे. दुसरा कोणाला आठवतो? संमतिवयाचा कायदा क्षुल्लक होता असं मी म्हणत नाही, मुलींचे जीव जात होते. पण बाईचं शरीर आणि बाईचा पेहराव हे आपल्या सार्वजनिक वादाचे लाडके विषय आहेत आणि बाईचे तास हा नावडता, ही खोड तेव्हाची आहे.

विडीचं पुढे काय झालं? कारखान्यांवर कायद्याची कलमं जसजशी लागू होत गेली, तसं काम कारखान्याच्या छपराखालून ठेकेदारामार्फत घरोघरी गेलं. घराला भोंगा नाही, हजेरीपट नाही, तपासणीला निरीक्षक येत नाही. १९६६च्या विडी व सिगार कामगार कायद्याने घरी विड्या वळणारी बाईसुद्धा कामगारच आहे हे मान्य केलं. मालकांनी आव्हान दिलं, सर्वोच्च न्यायालयाने १९७४ मध्ये कायदा उचलून धरला. १९७६ मध्ये विड्यांवर उपकर बसवून कल्याण निधी उभा राहिला, त्यातून मुलांना शिष्यवृत्ती, दवाखाने. २०१७ मध्ये जीएसटी आला, तो उपकर गेला. या सगळ्या काळात बाईने काय नेसलं यावर किती लिहिलं गेलं, आणि तो उपकर गेल्यावर किती? १९९०च्या दशकात लक्ष्मी-विष्णूसारखी गिरणी बंद पडली, पुरुष घरी बसले, तेव्हा कित्येक घरांची चूल विडीवर पेटत राहिली. पण चूल पेटवणारी हीच, चुलीसमोर बसणारीही हीच. घरी बसलेल्या पुरुषाने पोळपाट हातात घेतला अशी घरं शोधावी लागतील.

इथे संस्कृतीच्या बाजूचं सर्वांत जोरदार म्हणणं ऐकून घ्यायला हवं, कारण ते वक्तृत्व स्पर्धेत कोणी नीट मांडतच नाही. ते असं: सण, व्रतं, रांधणं यांत बाईला फक्त ओझंच दिसतं असं म्हणणारे तिच्या आनंदाचा अपमान करतात. खरं आहे. नवरात्रात पूर्वभागात बतुकम्मा मांडतात, फुलांचे थर रचतात, भोवती फेर धरून गाणी म्हणतात. त्या फेरात कोणी कोणाला बळेच आणलेलं नसतं. वर्षभर सुपापुढे वाकलेली मान त्या संध्याकाळी ताठ असते. मंगळागौर असो, भोंडला असो, हळदीकुंकू असो, बायकांना बायकांत बसायची हक्काची जागा यांनीच दिली, आणि ज्यांनी ती जागा जुनाट म्हणून मोडली त्यांनी बदल्यात काय दिलं? व्हॉट्सअॅपचा ग्रुप. दुसरंही मान्य करू: मुक्तीच्या नावाखाली बाजार बराच माल खपवतो. फेशियल, हप्त्यावरचा फोन, ‘तुझ्यासाठी तू’ म्हणणारी जाहिरात. बाईचा वेळ वाचवतो म्हणून आलेलं मिक्सर-वॉशिंग मशीन वेळ वाचवतंही, पण वाचलेला वेळ लगेच दुसऱ्या कामाने भरून काढला जातो: आता चटण्या तीन लागतात आणि शर्ट रोज धुवायला पडतो.

हे सगळं मान्य. पण मग त्याच आनंदाचा खर्चही मांडा. येळवस घ्या. मार्गशीर्ष अमावस्येला सोलापूर-धाराशिव-लातूरकडचा शेतकरी शेतात कडब्याची खोप करतो, पाच पांडव मांडून पूजतो, आणि सगळं गाव रानात जेवतं. इतका देखणा सण दुसरा नसेल. आता त्या जेवणाची पूर्वतयारी. आंबील आदल्या दिवशीच करून मुरवायची: ज्वारीचं पीठ पाण्यात शिजवून ताकात कालवायचं, लसूण-जिरं ठेचून घालायचं. भज्जीला हरभऱ्याचे, वाटाण्याचे, तुरीचे, पावट्याचे हिरवे दाणे सोलायचे; दहा माणसांच्या भज्जीचे दाणे सोलायला दोन बायकांची संध्याकाळ जाते. मग मेथी निवडणं, चिंच कोळणं, बेसन लावणं. उंडे वाफवायचे, खीर करायची, ज्वारी-बाजरीच्या भाकऱ्यांची चळत रचायची. रानात सकाळी पोचायचं तर चूल पहाटे तीनला पेटते. आंबिलीची बिंदगी, म्हणजे घागर, घोंगडीची खोळ घेतलेल्या पुरुषाच्या डोक्यावर मानाने निघते, आणि ‘ओलगे ओलगे सालम पोलगे’ म्हणत तोच शेताला फेरी घालतो. सण मोडा असं कोण म्हणतंय? पण दाणे सोलायला चार पुरुष बसले तर कोणता देव कोपेल? धर्मशास्त्रात तर पावटा कोणी सोलावा हे लिहिलेलं नाही. संस्कृती टिकावी म्हणणाऱ्यांना संस्कृती खरंच टिकवायची असेल तर ती चालवणारं मनुष्यबळ वाढवावं लागेल, कारण पहाटे तीनला उठणारी पिढी आता चाळिशी-पन्नाशीत आहे आणि तिच्या मुली पुण्याला आहेत.

आता दुसऱ्या बाजूकडे. त्यांचंही एक म्हणणं मला खोडता येत नाही: कपड्याचा प्रश्न फालतू नाही. १८८०च्या दशकात, आनंदीबाई जोशी, काशीबाई कानिटकर यांच्या काळात, बाईने पायात जोडा घालून, हातात छत्री धरून रस्त्यावर निघणं हा उद्धटपणा होता. लोक हसत, मागे लागत. उन्हापासून डोकं वाचवणं ही केवळ सोय आहे, पण त्या सोयीचा अधिकार कोणाला, यावर सगळी लढाई होती. आजही ‘सुनेने ड्रेस घालू नये’ हे वाक्य ड्रेसबद्दल नसतं, घरात हुकूम कोणाचा चालतो याबद्दल असतं. म्हणून कपड्यावरून भांडणाऱ्या मुलीला मी नावं ठेवणार नाही. मात्र ती भांडण जिंकली की सगळं जिंकलं असं समजणाऱ्यांशी माझा झगडा आहे. सासूने जीन्सला परवानगी दिली, आणि त्याच जीन्सवर सून सकाळी पाचला डबे भरते, आठला बस पकडते, संध्याकाळी सातला भाकरी थापते. कपडा बदलला, दिवस तसाच राहिला, उलट दोन्ही टोकांनी ताणला गेला.

लुगड्याविषयी हळहळणाऱ्यांना सोलापुरात एक गोष्ट ठाऊक हवी. चादर आणि टॉवेलच्या आधी इथले माग लुगडी विणत. नऊवारी हा कामाचा कपडा होता. कासोटा मारला की रोपं लावता येत, दळता येई, गिरणीत उभं राहता येई. पुढे सहावारी आलं, मग गाऊन आला, मागणी गेली आणि माग चादरीकडे, टेरी टॉवेलकडे वळले. शहराने तक्रार न करता धंदा बदलला. आज पाडव्याला जी नऊवारी दिसते ती शिवलेली असते, भाड्याने मिळते, बुलेटवर बसून फोटो काढण्यापुरती. त्यात वाईट काही नाही, हौस आहे. पण विणकराचं घर वाऱ्यावर सोडून त्याच्या लुगड्याला संस्कृती म्हणायचं, हे जरा अजब आहे.

सरकारी आकडेही शिंप्याच्या टेपेच्या उपयोगाचे नाहीत, पण दिवस मोजायला उपयोगी आहेत. २०१९च्या वेळ-वापर सर्वेक्षणात घरातलं बिनपगारी काम करणाऱ्या बायका ८१.२ टक्के होत्या, पुरुष २६.१ टक्के. जे हे काम करतात त्यांच्यात बाईचा दिवसाचा वेळ २९९ मिनिटं आणि पुरुषाचा ९७. पाच वर्षांनी, २०२४ला, बाई २८९ मिनिटांवर आली आणि पुरुष ८८ वर. बाईची दहा मिनिटं कमी झाली. पुरुषाने मात्र ती उचलली नाहीत, उलट आपलीही नऊ उतरवली. दुसरा आकडा कामातल्या सहभागाचा: २०१७-१८ मध्ये पंधरा वर्षांवरच्या २३.३ टक्के बायका श्रमशक्तीत होत्या, २०२३-२४ मध्ये ४१.७ टक्के. ही वाढ पाहून एक बाजू फटाके फोडते आणि दुसरी घर मोडल्याची आवई उठवते. पण वाढीतला मोठा वाटा स्वयंरोजगाराचा आहे, त्यात घरच्या शेतात नि दुकानात मजुरीविना राबणाऱ्याही आल्या. म्हणजे उंबरठा ओलांडायची गोष्ट बऱ्याच जणींच्या बाबतीत घडलेलीच नाही. काम उंबरठ्याच्या आत आलं.

हे कसं घडतं त्याचं सोलापुरी उदाहरण म्हणजे कडक भाकरी. ज्वारी मालदांडी, मंगळवेढ्याची असली तर उत्तमच. २०१६ मध्ये तिला भौगोलिक मानांकनही मिळालं. पीठ ताजं लागतं. आठ-दहा दिवसांवर गेलं की विरी, म्हणजे चिकटपणा, जाते, कडा फाटतात, थापताना भाकरी हातात येते. पीठ उकळत्या पाण्यात मळायचं, तीळ-मीठ लावून पातळ थापायची, तव्यावर टाकून वरून पाण्याचा हात फिरवायचा आणि मग आच मंद करायची. इथेच नवखी फसते: मऊ भाकरीच्या सवयीने ती मोठ्या आचेवर फुगवते, पापुद्रा सुटतो, आत ओल राहते, आणि चौथ्या दिवशी बुरशी. कडक भाकरी फुगू द्यायची नसते. दाबत दाबत, फिरवत फिरवत सगळी ओल काढायची, मग आचेच्या उबेला उभी करून वाळवायची. नीट झाली तर महिनाभर टिकते, शेंगाचटणी आणि दह्याबरोबर मुंबई-पुण्यालाच काय, परदेशात जाते. किलोभर पिठात बारा-पंधरा होतात आणि प्रत्येकीला तव्यावर पाच-सात मिनिटं लागतात. दोन तवे एका वेळी सांभाळले तर शंभर भाकऱ्यांना चार ते सहा तास, आगीसमोर, सोलापूरच्या एप्रिलात. या भाकरीने कित्येक घरांना हात दिला आहे आणि गटातून, स्वतःच्या नावाने विकणारी बाई दुसऱ्याच्या दुकानाला भाकरी पुरवणारीपेक्षा बऱ्या स्थितीत असते. फरक पदार्थात नाही. दर कोण ठरवतं, पिशवीवर नाव कोणाचं छापलं आहे आणि पैसे कोणाच्या खात्यावर येतात, यात आहे. भाकरीला संस्कृतीचा ठेवा म्हणून हार घालणाऱ्याने एकदा तरी विचारावं, नगाला काय देता?

यावर नेहमीचा आक्षेप येतो, आणि तो प्रामाणिक असतो: घरात असा हिशेब मांडला तर घर राहील का? आईच्या हाताला तासाचा दर लावायचा का? दर लावा असं मी म्हणत नाही, नोंद करा म्हणतो. आणि हिशेबाने नाती तुटतात हे कोणत्या मराठी घरातलं ज्ञान आहे? आपल्या कपाटात आहेराची वही असते. कोणाच्या लग्नात कोणी किती घातले, पातळ होतं की पाकीट, हे वीस वर्षांपूर्वीचं सुद्धा लिहिलेलं, आणि पुढचा आहेर त्या ओळीवरून ठरतो. दुधाचा हिशेब आहे, भिशीची वही आहे, वाण्याची उधारी आहे. या वह्यांनी नाती तोडली नाहीत, उलट कोणी कोणाला गृहीत धरू नये म्हणून त्या लिहिल्या गेल्या. ज्या घरात शेंगदाण्याच्या किलोचाही हिशेब आहे तिथे बाईच्या पाच तासांचा नाही, हा प्रेमाचा पुरावा कसा?

वही नसली की काय होतं ते मालमत्तेच्या वेळी दिसतं. महाराष्ट्राने १९९४ मध्येच वडिलोपार्जित मालमत्तेत मुलीला जन्मतः वाटा दिला. देशाने २००५ मध्ये. २००५चा कायदा लागू झाला त्या दिवशी वडील हयात असोत-नसोत, वाटा मिळतोच, हे सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२० मध्ये पक्कं केलं. त्याच्याही आधी शेतकरी संघटनेने लक्ष्मीमुक्तीची हाक दिली, आणि १९९२ मध्ये नवऱ्याच्या अर्जावर सातबाऱ्याला बायकोचं नाव लावायची सोय शासनाने केली. कायद्याची बाजू भक्कम आहे. गाडं अडतं दहाव्या-तेराव्याला. वडील गेल्यावर बहिणींसमोर कागद येतो, ‘वारसनोंदीची सही आहे’ म्हणून. वारसनोंद आणि हक्कसोडपत्र हे दोन वेगळे कागद आहेत. वारसनोंदीने नाव लागतं, हक्कसोडीने जातं. हक्कसोडपत्र दुय्यम निबंधकाकडे नोंदवावं लागतं. नुसत्या स्टॅम्पपेपरवरच्या, नोटरीसमोरच्या सहीने हक्क जात नाही, पण एकदा नोंदलं की परत फिरवायला कोर्टाची पायरी चढावी लागते. म्हणून सहीच्या आधी कागदाचं शीर्षक वाचावं, गट नंबर वाचावा, आणि निबंधक कार्यालयात नेत असतील तर तिथे ‘वारसनोंद’ नसते हे लक्षात ठेवावं. साडीचोळी घेऊन एकर सोडणाऱ्या बहिणीला संस्कृतीची मूर्ती म्हणतात. वाटा मागणारीला काय म्हणतात ते छापण्यासारखं नाही.

उलट उदाहरणही सोलापुरातलंच आहे. कुंभारीत विडी कामगार बायकांसाठी गोदूताई परुळेकरांच्या नावाने १०,००० घरांची वसाहत उभी राहिली, २००६ मध्ये. शेजारी असंघटित कामगारांसाठी ३०,००० घरांचं रे नगर, त्यातल्या १५,००० घरांच्या चाव्या १९ जानेवारी २०२४ला दिल्या गेल्या. पहिली वसाहत मिळाली ती कोणाची बायको म्हणून नाही, कामगार म्हणून, हातातल्या कार्डावर. कार्ड होतं म्हणून काम दिसलं, काम दिसलं म्हणून घर मागता आलं. लाडकी बहीण योजनेचे महिन्याचे १,५०० रुपये याच्या शेजारी ठेवून पाहा. कोणी त्याला रेवडी म्हणतं, कोणी सन्मान. स्वतःच्या नावाचं खातं झालं ही त्यातली खरी कमाई, ती मी कमी लेखणार नाही. पण १,५०० म्हणजे दिवसाला ५० रुपये. सर्वेक्षणातल्या २८९ मिनिटांनी भागले तर तासाला दहाच्या आसपास. आणि ते मिळतात ते बहीण म्हणून, काम करणारी म्हणून नाही.

एक खर्च तर घराच्या वहीतही मावत नाही, तो महापालिकेच्या वहीत लिहायला हवा. पाणी. शंभरहून जास्त किलोमीटरवरून उजनीचं पाणी शहरात येतं आणि वर्षानुवर्षे ते तीन-चार, कधी पाच दिवसांआड सुटत आलं आहे. ‘पाण्याचा दिवस’ हा सोलापुरी घरातला वेगळाच वार आहे. त्या दिवशी बाई विडीला बसत नाही, गावाला जात नाही, कारखान्याची पाळी चुकवते. हंडे, बॅरल, टाकी, शेवटी ताटं-वाट्या. पाइप दुरुस्तीला जो निधी खर्च झाला नाही तो बायकांच्या झोपेतून वसूल होतो. हा स्त्रीप्रश्न आहे की नागरी प्रश्न? बाईचे तास फुकट धरले की महापालिकेलाही ते फुकटच मिळतात. सभागृहात निम्म्या जागा बायकांच्या आहेत. संस्कृतीवर भाषण करणाऱ्यांनी तिथल्या गॅलरीत एकदा जाऊन बसावं.

तेव्हा पुढच्या नवरात्रात हा विषय निघाला तर वादाआधी आठ दिवस एक वही भिंतीला टांगावी. सर्वेक्षणवाले करतात तसंच: पहाटे चार ते दुसऱ्या पहाटे चार, अर्ध्या अर्ध्या तासाचे ४८ रकाने, घरातल्या प्रत्येक मोठ्या माणसाला एक पान. चुका कुठे होतात ते आधीच सांगून ठेवायला हवं. रात्री आठवून लिहिलं तर बाईचे दोन तास हमखास गळतात, म्हणून दुपारी आणि रात्री असं दोनदा भरायचं. एका रकान्यात दोन कामं असतील तर दोन्ही लिहायची. ‘टीव्ही बघत बसले होते’ असं बाई स्वतःच लिहिते, आणि त्या अर्ध्या तासात तिने दोन जुड्या मेथी निवडलेली असते. पुरुषांच्या पानावर ‘मदत केली’ हा शब्द चालणार नाही, काम काय केलं ते लिहायचं. वाट बघणंही काम आहे. गॅसवाल्याची, पाण्याची, रात्री उशिरा जेवायला येणाऱ्याची. आणि पाण्याच्या दिवशी वही चारच्या रकान्यापासूनच उघडावी. त्या वेळी गल्लीत मोटारी सुरू झालेल्या असतात, तिचा पदर कमरेला खोचलेला असतो किंवा गाऊनवर ओढणी असते, आणि पहिला हंडा भरलेला असतो.